खुनी दुरै

आमच्या माडीवर राहणाऱ्या जर्मन माणसाचं ओरडणं वडवार नदीच्या पलीकडे ऐकू जायचं. मी गोष्टी फुगवून सांगतो अशी तंजावरात माझी ख्याती आहे, म्हणून इथे हात आखडता घेतो: नदीच्या अलीकडच्या काठापर्यंत नक्की जायचं. गंमत म्हणजे खोलीत तो एकटाच असे. लुंगी गुडघ्यावर दुमडलेली, कानामागे पेन्सिल, समोर संगणक, आणि हा आपणच लिहिलेल्या माणसांना बापावरून शिव्या देतोय. एखाद्याने लवकर मरायला नकार दिला तर शिवी, लवकर मेला तर दुप्पट शिवी. पहिल्याच वर्षी शेजाऱ्यांनी घाबरून पोलीस बोलावला. हवालदार जिना चढून गेला तो खाली येईना. मी वर जाऊन बघतो तर जर्मनाने त्याला खुर्चीला दोरीने बांधलेलं, आणि समोर मांडी घालून विचारतोय, "आता तहान लागली तर तू आधी पाणी मागशील की आधी शिवी देशील?" सुटका झाल्यावर हवालदार मनगटं चोळत मला म्हणाला, "सार, खून झालाय खरा. पण पुढच्या वर्षी, आणि जर्मनीत. आमच्या हद्दीत येत नाही."

त्या दिवसापासून आमच्या रस्त्याने त्याचं नाव ठेवलं खुनी दुरै. दुरै म्हणजे तमिळमध्ये गोरा साहेब. त्याचं खरं नाव मी लिहिणार नाही. ते जर्मन वर्तमानपत्रांनी लिहून झालंय, आणि ज्या वाक्यात लिहिलंय ते वाचल्यापासून माझं डोकं पोंगलच्या मडक्यासारखं उतू जातंय. थंड झाल्यावर लिही, असं लोक सांगतात. दुरै उलट सांगायचा: "राव, थंड डोक्याने लिहिलेलं सगळं गोड होतं, आणि गोड लवकर नासतं." तेव्हा मी तापलेलाच लिहायला बसलोय. ज्याला चटका बसेल त्याने फुंकर घालावी.

त्याचा धंदा पटकथा लिहिण्याचा. बाप ट्राम चालवायचा. मुलाने आधी रेडिओसाठी विनोद लिहिले, मग एका रुग्णालयाच्या मालिकेत डॉक्टर-नर्सांची प्रेमं जुळवली आणि मोडली. शेवटी त्या रुग्णालयात कुणाचं कुणाशी जमवायचं बाकी राहिलं नाही, तेव्हा बढती मिळून तो खुनांवर आला. जर्मनीत रविवारी संध्याकाळी अख्खा देश टीव्हीसमोर बसून एक खून बघतो म्हणे. आपण आठवड्याला तेल लावून न्हातो, तसं. दीड तासात प्रेत, संशय, पोलीस, पश्चात्ताप, आणि सोमवारी सगळे स्वच्छ होऊन कामावर. वीसेक वर्षं हा त्या न्हाणीघराचा बंब पेटवत होता. मधे दोन सिनेमेही लिहिले. एकाला बक्षीस मिळालं पण प्रेक्षक मिळाले नाहीत, दुसऱ्याला दोन्ही मिळालं नाही. तिकडच्या बर्फात प्रेतं नीट सुचत नाहीत, म्हणून दर मार्गळीत, म्हणजे डिसेंबरच्या सुमारास, आमच्याकडे यायचा आणि उन्हाचा पहिला चटका बसला की पळायचा.

खाली आम्ही दोघं, मी आणि माझी थोरली बहीण. मी शाळेत इंग्रजी शिकवून निवृत्त झालो, अक्का रोज बसने ओरत्तनाडूला जाऊन तिथल्या शाळेत गणित शिकवून निवृत्त झाली. माझी बायको वारली. अक्काबद्दल आमच्या तंजावरी मराठी लोकांना माहीत होतं ते इतकंच, की लग्नानंतर सहा महिन्यांत सासरच्यांनी तिला परत पाठवली. याहून जास्त कोणी बोलत नसे. अक्का तर नाहीच नाही. लग्नाकार्यात बायका तिच्या पाठीवरून जरा जास्तच हळू हात फिरवायच्या, आणि ती तो हात काढून ठेवल्यासारखी बाजूला सरकायची.

दुरैची प्रत्येक नवी गोष्ट सकाळच्या कॉफीला अक्कासमोर यायची. तो इंग्रजीत सांगणार, मी आमच्या तंजावरी मराठीत फिरवणार. फिरवताना मी फोडणी घालायचो. त्याने एक प्रेत सांगितलं तर मी दोन करायचो, विष सांगितलं तर वर थोडा साप. अक्का निमूट ऐकायची, पेला खाली ठेवायची आणि ठरलेले दोनच शब्द बोलायची, "सुनेनें केलें." गोष्टीत सून असो वा नसो. पहिल्या वर्षी दुरै हसला. दुसऱ्या वर्षी त्याला वाटलं, एवढी गणितवाली बाई म्हणतेय म्हणजे त्यात काहीतरी असणार, आणि त्याने खरोखरच सुनांना कामाला लावलं. त्या साली जर्मनीत रविवारी जे जे मेलं ते सुनेच्या हातचं मेलं. तिकडच्या सासवांनी सुनेने दिलेली कॉफी प्यायची सोडली असं ऐकिवात आहे. ऐकिवात म्हणजे मीच पहिल्यांदा सांगितलंय.

तिचा आणखी एक प्रश्न असायचा, आणि तो मात्र त्याला चावायचा. "घरांत माणूस मेलें, तर त्या दिवशीं रांधलें कोणी?" दुरै चिडून म्हणाला, "गुन्हेगारी मालिकेत कोणी रांधत नाही!" अक्का म्हणाली, "मग पोलीस उपाशी हिंडतो? म्हणूनच त्याला चोर सांपडत नाहीं." त्यानंतर त्याचा पोलीस मेलेल्या माणसाच्या स्वयंपाकघरात उभ्याने काहीतरी खाऊ लागला, आणि त्या खाण्यावरून तो अख्ख्या देशात ओळखला जाऊ लागला. आपल्या लेखनगुरू तंजावरात असतात असं दुरै एका मुलाखतीत म्हणाला. मुलाखत घेणाऱ्याला वाटलं, हिमालयातला कोणी साधू असेल. भूगोलाचा हा आनंद.

तिकडच्या लेखकांची एक रीत मला फार आवडायची. निर्मात्याने तुमच्या गोष्टीची माती केली तर तुम्ही तुमचं नाव काढून घेऊ शकता. पडद्यावर मग एक खोटं नाव येतं, आणि ते आधीच करारात लिहून ठेवायचं असतं. दुरैचं डोकं दोन-तीन गोष्टींआड एकदा फिरायचंच, म्हणून त्याला एक टिकाऊ खोटं नाव हवं होतं. "राव, जर्मनीत कुणाचंच नसेल असं नाव दे," तो म्हणाला. मी पापणी न हलवता माझंच दिलं: टी. एस. भगवंतराव. फुकटची कीर्ती दारात आली तर तिला बसायला पाट कोण देणार नाही? अशा रीतीने जर्मन टीव्हीवरच्या सगळ्यात टुकार गोष्टी माझ्या नावावर जमा होत गेल्या. 'या भगवंतरावांची लेखणी कोणीतरी लपवून ठेवा,' असं तिकडच्या एका समीक्षकाने लिहिलं. मी ते कात्रण लॅमिनेट करून दिवाणखान्यात लावलं. पाहुणे विचारायचे, काय लिहिलंय? मी म्हणायचो, स्तुती आहे, पण जर्मन भाषेत ती जरा खरखरीत वाटते.

एका मार्गळीत तो आला तो खून न घेताच आला. म्हणाला, आता प्रेतांचा कंटाळा आलाय, एक सिनेमा स्वतःचा लिहायचाय. कॉफी पिता पिता अक्काकडे बघत, माझ्याकडून कधीतरी ऐकलेलं आठवून, त्याने मला सांगितलं, "हिला विचार. तुला ज्या दिवशी त्या घरातून परत पाठवलं, त्या दिवशी रांधलं कोणी?"

मी म्हणालो, "हे मी विचारणार नाही."

"कसाला?" कसाला म्हणजे का; दुरैला आमच्या भाषेतला हा एक शब्द पक्का यायचा.

अक्का म्हणाली, "काय रे म्हणतो तो? माझ्याकडे बघून म्हणतो आहे ना? सांग."

मी मान खाली घालून सांगितलं. अक्काने पेला ठेवला. "मी रांधलें," ती म्हणाली. "आणि त्याला सांग, मला कोणी धाडलें नाहीं. मी निघालें."

मग तिने सांगितलं. चैत्रात शाळेच्या नोकरीचा हुकूम आला होता. सासरे म्हणाले, कमावती सून आम्हांला नको. नवरा म्हणाला, अप्पा म्हणतात तसें. "सगळ्यांना वाढलें. मी जेवलें. पान उचललें आणि निघालें. दारांत माझ्या चपला नव्हत्या, सासूनें लपवल्या होत्या. चपला नाहींत तर ही जाणार कशी, असा तिचा हिशेब. तेथें ह्यांच्या चपला होत्या, त्या घातल्या. मोठ्या होत्या. फटक् फटक् वाजवीत बसपर्यंत आलें. मागून त्यांनीं गांवभर सांगितलें, आम्हीं धाडली. सांगूं देत. मला दुसऱ्या दिवशीं शाळा होती."

आयुष्यात पहिल्यांदा मी त्यात मोहरीचा दाणाही न टाकता इंग्रजी केलं. मीही ते तेव्हाच ऐकत होतो.

दुरै ओरडला नाही. त्याने एवढंच विचारलं, "ही गोष्ट मी घेऊ?"

"घे," अक्का म्हणाली. "पण निघाली ती निघालीच राहूं दे. एवढें एक सांभाळ."

तो हिवाळा माडीवर इतकी शांतता होती की शेजारी विचारपूस करायला आले, दुरैला ताप आहे का म्हणून. त्याने पहिला प्रसंग मला वाचून दाखवला. कालव्याच्या कडेचा रस्ता, टळटळीत ऊन, आणि पडद्यावर फक्त एका तरुण बाईचे पाय, पायांत पुरुषाच्या चपला. आवाज त्या चपलांचा. बाईचा चेहरा दिसतो तेव्हा ती चिडलेली असते, रडत नसते. वाचून झाल्यावर तो म्हणाला, "राव, याच्याआधी मी जे लिहिलं ते सगळं तुझ्या नावावर टाकलं असतं तरी चाललं असतं."

आता तिथली टीव्हीवाहिनी. तिथे एक बाई होत्या, ज्यांच्या संमतीशिवाय पडद्यावर चमचा हलत नसे. त्यांची टिपणं येऊ लागली. पुरुषी चपलांनी प्रेक्षक हसेल, तेव्हा नायिका अनवाणी असावी. बाई आपण होऊन निघाली तर ती कोरडी वाटते, तेव्हा तिला सासरच्यांनी ढकलून काढावं. त्या वेळी पाऊस पडावा. आमच्याकडे चैत्रात पाऊस! आणि मग एक जर्मन डॉक्टर यावा आणि त्याने तिला चिखलातून उचलावं. गोऱ्या डॉक्टरशिवाय आमच्या बायकांना नीट दुःख होत नाही असा तिकडचा समज असावा. मला हे सगळं फोनवर कळायचं. तो तिकडून "कसाला! कसाला!" म्हणून गर्जायचा, मी इकडून भर घालायचो, आणि मधला समुद्र बिचारा उकळायचा. शेवटी त्यांनी दुसऱ्याच कोणाला बसवून गोष्ट फिरवून घेतली. दुरैने तयार सिनेमा पाहिला, आणि जसं आयुष्यभर केलं तसंच केलं. संतापाने एका ओळीचा मेल टाकला: माझं नाव काढा.

नाव काढलं. त्या जागी कोणाचं लागतं, हे त्या तिरमिरीत त्याच्या डोक्यातच आलं नाही.

सिनेमा लागला त्या आठवड्यात आमच्या तंजावरी मराठ्यांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर त्याची चित्रफीत आली. जर्मनीत नोकरीला असलेल्या एका भाच्याने टाकली होती. खाली लिहिलं होतं, 'मामा, अभिनंदन!' आम्ही दोघांनी ती माझ्या फोनवर पाहिली. एक मुलगी अनवाणी चिखलात पडली आहे, दारातून तिची पेटी बाहेर फेकली जाते आहे, ती दाराला धरून रडते आहे, घ्या हो मला घरात. आणि तिच्या डोक्यावर, ढगांच्या मधोमध, ठसठशीत अक्षरांत: टी. एस. भगवंतराव.

अक्काने इंग्रजी अक्षरं लावून माझं नाव वाचलं. माझ्याकडे पाहिलं. स्वयंपाकघरात गेली आणि त्या दिवशी मला वाढून स्वतः आतच जेवली. ग्रुपवर तेवढ्यात हात जोडलेल्या चित्रांचा पाऊस सुरू झाला. बिचारी. पावम्. भावाने बहिणीचं दुःख जगापुढे मांडलं. दोघांनी लिहिलं, भावाने बहिणीचं दुःख विकलं. मी फोन तांदळाच्या डब्यात कोंबला, तिथेही तो वाजत राहिला.

दुरै भर चित्तिरैच्या, म्हणजे एप्रिलच्या, उन्हात आला, न कळवता. टॅक्सीतून उतरला तेव्हा उकडलेल्या बीटासारखा दिसत होता. अक्का दारात उभी. तो जिन्याकडे वळला तशी ती म्हणाली, "वर नाहीं. येथें बैस." तो बाहेरच्या ओट्यावर, आमच्या तिण्णैवर बसला. तिने त्याला कॉफी दिली. शत्रूलाही उन्हातून आल्यावर कॉफी द्यायची, हा अक्काचा कायदा.

"मी माझं नाव काढून घेतलं, अक्का," तो म्हणाला. मी मराठीत सांगितलं.

"कोणाचें काढलेंस तें कळलें. लावलेंस कोणाचें?"

त्याने माझ्याकडे पाहिलं.

"घाण कोणी केली?"

"वाहिनीने."

"मी गोष्ट वाहिनीला सांगितली होती?" अक्काचा आवाज चढला नव्हता, पण माझी इंग्रजी लटपटू लागली. "भात करपला तर रांधणारी पानापुढे उभी राहते. शिव्या खाते. मी रांधला नाहीं म्हणून शेजारणीचें नांव सांगत नाहीं. तूं दर वेळीं हेंच करतोस म्हणे? आणि ह्याला रीत म्हणतां तुम्हीं?"

दुरैने कॉफी संपवली. मग तिथेच, तिण्णैवर, फोन लावला. पलीकडे त्या टिपणंवाल्या बाई असाव्यात. हा जर्मनमध्ये ओरडत होता, रस्त्यावरच्या सायकली थांबत होत्या. आपलं नाव परत लावा, असं तो सांगत होता, आणि त्या बाईंना ते समजतच नव्हतं. त्यांच्या धंद्यात लोक वाईट सिनेमातून नाव काढायला भांडतात. वाईट सिनेमाला नाव लावून द्या म्हणून भांडणारा हा पहिलाच. हा प्यायलाय अशी त्यांची खात्री झाली. पण त्याने ते करून घेतलं. पुढे तो सिनेमा जिथे जिथे लागला तिथे ढगांमध्ये त्याचं नाव आलं. माझं पुसलं गेलं.

फोन ठेवून तो अक्काला म्हणाला, "मी पुन्हा लिहितो. नीट."

"नको," अक्का म्हणाली. "एकदां सांगितलें. पोदुम." पुरे. मग आत जाऊन तिने त्याच्यासाठी पान मांडलं. तो खाली मान घालून जेवला. डांगर पचडी दोनदा मागून घेतली. संध्याकाळच्या गाडीने गेला, आणि पुढच्या मार्गळीत आलाच नाही. बर्फात रस्ता ओलांडताना छातीत कळ आली आणि संपला. इतक्या लोकांना इतक्या नाना तऱ्हांनी मारणाऱ्या माणसाला त्याच्या लेखकाने असं सपाट मरण दिलं, याचाही मला राग आहे.

आणि ते वर्तमानपत्रातलं वाक्य. भाच्याने भाषांतर करून पाठवलं. त्याच्या खुनांबद्दल चार ओळी, आणि मग: 'सासरने टाकलेल्या भारतीय वधूवरची त्यांची अखेरची, अश्रूंनी भिजलेली कथा हीच त्यांची सर्वांत कोमल निर्मिती मानली जाते.' कोमल! ज्या माणसाने आयुष्यात कोमल म्हणून फक्त काकडी खाल्ली! ज्याने दुसऱ्यांची घाण एका शब्दाचा बचाव न करता आपल्या अंगावर घेतली, त्याला तीच घाण तुम्ही अत्तर म्हणून लावलीत? आणि 'टाकलेल्या'! समुद्रापलीकडे बसून तुम्हांला माझी बहीण टाकलेली दिसली! मी इंग्रजीत एक खरमरीत पत्र लिहिलं. छापलं नाही. वाढवून सांगितलं असेल असं त्यांना वाटलं असणार.

गेल्या महिन्यात कुंभकोणमला आमच्यातलं एक लग्न होतं. कल्याणमंडपात पंगत बसली होती. अक्काच्या शेजारी दमयंती मामी, समोरच्या रांगेत अक्काच्या सासरचा एक पुतण्या, आता तोही टकला झालेला. मामीने अक्काच्या पाठीवर तो सुप्रसिद्ध हळुवार हात ठेवला. "अय्यो, पिक्चर बघून किती रडलें मी! त्या पावसांत तुला ढकललें मेल्यांनीं..."

अक्काने हात काढून तिच्या मांडीवर ठेवला. "मामी, चैत्र होता. पाऊस कसाला पडेल?"

"असो ग, जुन्या गोष्टी..."

"जुन्या नाहींत. गेल्या वर्षीं पिक्चर आला." अक्का बसल्या जागेवरूनच बोलत होती, पण वर्गात शेवटच्या बाकापर्यंत पोचवायचा तो आवाज तिने काढला होता. वाढपी थांबले. "मला कोणी धाडलें नाहीं, कोणी ढकललें नाहीं. मला शाळेंत जायचें होतें. मी निघून आलें. त्यांना सांगायला लाज वाटली, म्हणून त्यांनीं उलटें सांगितलें. हा बसला आहे समोर. विचारा त्याला, त्याच्या घरांत काय बोलतात."

पुतण्या पानातल्या मिठाकडे बघत हळूच म्हणाला, "आजी मरेपर्यंत तेंच म्हणत होती. ती निघून गेली, म्हणून."

मंडपात नादस्वरसुद्धा नेमकं श्वास घ्यायला थांबलं होतं.  मामी म्हणाली, "मग इतकी वर्षं बोलली कसाला नाहींस?"

"तुम्हीं विचारलें कधीं?" अक्का म्हणाली. पंगतीवरून नजर फिरवत ती माझ्यापाशी क्षणभर थांबली आणि पुढे गेली. "एवढ्या जणांत विचारलें तें त्या एका मेल्या जर्मनानें. वाढा रे, रसम निवतें आहे."